भिंतीला लावलेलं दार

बुलढाणा
११ नोव्हेंबर २०२४

ताई,

बाबा आता रस्त्यावर जात नाहीत. हे पहिल्याच ओळीत लिहितो, म्हणजे एवढं वाचून पत्र बाजूला ठेवलंस तरी चालेल.

तू माझा फोन घेत नाहीस, पण समोरच्या फ्लॅटमधल्या प्राचीशी बोलतेस, हे मला माहीत आहे. ती नर्स आहे, बाबांचं बीपी बघायला येते. तेव्हा दिवाळीआधीचा प्रकार तुला रायपूरला कळलाच असेल. बाबा चिखली रोडवर एका ट्रकवाल्याला थांबवून "मले घरी सोड" म्हणत होते आणि पत्ता जुन्या घराचा देत होते. त्या जागी आता मोबाइलची दुकानं आहेत. मी त्यांना परत आणलं, तेव्हा या फ्लॅटच्या दाराशी ते अडून बसले. "हे लोकायचं घर हाय. इथं काऊन आनलं मले?"

मला एकच काम येतं, सेट उभारायचं, ते मी केलं. हॉलमध्ये आपल्या जुन्या घराची पुढची खोली उभी केली. आपल्या घरावरच्या माझ्या सिनेमासाठी गोरेगावच्या गोदामात केली होती तीच; आराखडे माझ्याजवळ होते. निळसर चुना, चहाच्या पाण्याने आणलेली ओल, हात लागून काळी पडलेली भिंतीची कड. रेडिओवर आईने विणलेलं झाकण. तिचा चष्मा काड्या उघड्या ठेवून खिडकीत. आमच्या कामात हे पहिल्या दिवशी शिकवतात, की खोली अशी सजवावी की तिथलं माणूस आत्ताच उठून आत गेलंय असं वाटलं पाहिजे.

आणि पूर्वेच्या भिंतीत स्वयंपाकघराचं दार. इथे त्या बाजूला काहीच नाही, भिंत आणि पलीकडे तिसऱ्या मजल्यावरची हवा. सेटवर अशी दारं आम्ही नेहमीच लावतो. देऊळघाटच्या बशीरभाई सुतारांनी ते करून दिलं. बसवून झाल्यावर लांब उभे राहून बघत म्हणाले, "दार तं झकास झालं भाऊ. पन यातून जाचं कुकडे?"

मी म्हटलं, जायचं नाही, फक्त दिसायचंय.

"मंग ठीक हाय. भिंतीले दार लावनारं गिऱ्हाईक पैल्यांदाच भेटलं."

बाबा आत आले, चपला काढल्या, बंद दाराकडे पाहिलं आणि खुर्चीत बसले. "मिरच्या भाजून राह्यली वाटते," म्हणाले. तुला आठवत असेल, त्यांच्या दम्यामुळे आई ठेच्याच्या मिरच्या भाजताना ते दार आतून लावून घ्यायची. त्यानंतर ते कुठे जायला उठलेले नाहीत. वर्षभरात प्रथमच मला ते शांत वाटले. 'शांत' हा शब्द बरोबर आहे का, याची खात्री नाही. थांबलेले, असं म्हणू.

एक गोष्ट मात्र कळत नाही. खिडकीजवळचा कोपरा मोकळा आहे, तरी तिथून जाताना ते वळसा घालून जातात.

आल्हाद


२ डिसेंबर २०२४

ताई,

तुझं उत्तर नाही. ते येईल असं धरूनही चाललो नव्हतो. पण मागच्या पत्रात मी फुशारकी मारली होती, तेव्हा पुढचंही कळवणं भाग आहे.

बाबा जेवत नाहीत. ताट समोर ठेवलं की दाराकडे बघतात. "तिचं होऊ दे. मंग बसतो संगंच." पहिले काही दिवस मला त्यात गंमत वाटली. खरं सांगायचं तर अभिमान वाटला. माझं एक दार एवढं खरं ठरलं! मग लक्षात आलं की ते दोन घास खाऊन ताट सारतात आणि वर झाकण ठेवायला सांगतात, तिच्यासाठी. दुपारी दारावर बोटाने टकटक करतात. "निवेची आई, पुरे झालं आता. खिडकी उघड, धूर जाऊ दे."

बायकोचं नाव घ्यायचं नाही म्हणून थोरल्या लेकराचं घ्यायचं, ही त्यांच्या पिढीची रीत. तुझ्यामागे पाच वर्षांनी मी आलो, पण आई कधी आल्हादची आई झाली नाही. सिनेमात मी ते बदललं होतं. तिथे म्हातारा मुलाचं नाव घेऊन हाक मारतो, कारण तिथे मुलगी नव्हतीच.

तू पणजीला महोत्सवात त्या सिनेमाच्या खेळातून उठून गेलीस, तेव्हापासून आपण बोललेलो नाही. सिनेमात मुलगी का नाही असं लोक विचारतात, तेव्हा मी म्हणतो, पटकथेची गरज. ते खोटं नाही, अपुरं आहे. मी आधी खोली आखतो आणि मग माणसं लिहितो, तीच माझी पद्धत. इतर लेखकांना माझं हेच आवडायचं, आणि कलादिग्दर्शकांनाही, की यांच्या कागदावर कुणी हवेत बोलत नाही. त्या खोलीत आईचा पलंग होता आणि खिडकीजवळ तुझी खाट, आईच्या शेवटच्या वर्षात तू जिच्यावर झोपायचीस ती. खाट ठेवली तर कॅमेऱ्याची ट्रॉली फिरत नव्हती. म्हणून खाट हलवली. खाट गेल्यावर तिच्यावरचं माणूस कुठे बसवायचं, ते जमेना. आईची औषधं, आईचं अंग पुसणं, सगळं मग मुलाकडे आलं. मी त्या वर्षात चारदा आलो होतो. पडद्यावर मी तिथेच राहत होतो. लेखनासाठी आणि कलादिग्दर्शनासाठी, दोन्ही बक्षिसं त्याच सिनेमाला मिळाली. नंतर मालिका, मग वेबसीरिज, मग दुसऱ्यांच्या पटकथांची डागडुजी, मग काहीच नाही.

हे लिहिता लिहिता थांबलो. बाबा वळसा घालतात तो कोपरा तुझ्या खाटेचा आहे. मी खोली घरावरून नाही, सिनेमावरून उभी केली.

आल्हाद


१९ डिसेंबर २०२४

ताई,

हे पत्र तुझ्याकडे काही मागण्यासाठी आहे. आधी काय झालं ते सांगतो.

प्राचीने बाबांचं वजन केलं आणि मला बाहेर जिन्यात बोलावलं. "दादा, तुम्ही सिनेमावाले ना, सगळं खरं दिसलं पाहिजे म्हणता. आता निस्तरा. काका अशानं संक्रांत काही पाहत नाहीत." मग म्हणाली, काढून टाका ते दार.

मी बशीरभाईंना बोलावलं. बाबांना प्राचीकडे बसवून आम्ही दार उतरवलं, भिंतीला रंग दिला, चौकटीची खूणसुद्धा राहू दिली नाही. माझं काम चोख असतं.

बाबा आले. खुर्चीकडे गेले नाहीत. भिंतीपाशी जाऊन तळवा फिरवत राहिले, दोन्ही हातांनी. मग माझ्याकडे वळले. ताई, आपल्या लहानपणी ते रागवायचे तो चेहरा नव्हता. ते घाबरले होते. मला.

"तू भिंत घातली? तिले आत ठेवून भिंत घातली तुनं?"

बशीरभाई अवजारं भरत होते. ते पुढे होऊन म्हणाले, "नाई काका, दार दुरुस्तीले नेलं. आत्ता लावून देतो." आणि ओल्या रंगावर त्यांनी दार पुन्हा लावलं. बाबा तिथेच, दाराला पाठ लावून खाली बसले. जेवण नाही. पाणी तेवढं घेतलं.

दार ठेवलं तर ते वाट बघतात. काढलं तर मी तिला गाडलं. आता त्या दारामागून कुणीतरी बोलायला हवं. तुझा आवाज आईसारखा आहे. लँडलाइनवर मामा नेहमी फसायचा.

सोबत चार वाक्यं लिहून पाठवतो. तुझ्या फोनवर रेकॉर्ड कर आणि प्राचीला पाठव. दारामागे छोटा स्पीकर बसवता येईल. बापाला फसवणं आहे हे, मला ठाऊक आहे. शिवाय ज्या माणसाने तुला एका गोष्टीतून काढलं, तोच तुला दुसरीत आईचं काम देतोय, हेही दिसतं. तू पत्र फाडलंस तर मला ते समजेल. पण बाबा जेवत नाहीत.

आल्हाद


८ जानेवारी २०२५

ताई,

तुझं रेकॉर्डिंग आलं. प्राचीने फोन माझ्या हातात दिला.

माझी वाक्यं तू बदललीस. मी लिहिलं होतं, "तुम्ही जेवून घ्या, मला वेळ लागेल." तू म्हणालीस, "बसा ना जेवाले! मी काय पळून चालली का कुठं?" मी वीस वर्षं लोकांना बोलतं करायचे पैसे घेतले, आणि आईचं हे बोलणं माझ्या कानातून साफ गेलं होतं. तुझ्या कानात होतं.

दारामागून आवाज आला तसे बाबा हसले. मान हलवत म्हणाले, "घे! बोलली एकदाची." आणि ताट ओढलं. अर्धी भाकरी, वरण. प्राची खांबासारखी उभी होती, मग डोळे पुसायला स्वयंपाकघरात निघून गेली. खऱ्या स्वयंपाकघरात.

तेव्हापासून तू पाठवतेस आणि मी लावतो. "औषध घेतलं का?" "खोकला काऊन येऊन राह्यला, पंखा बंद करा." मी काही लिहून पाठवणं आता बंद करतो. तुला त्याची गरज नाही. प्राची सांगते की तू फोनवर रडतेस आणि मग म्हणतेस, थांब, परत बोलते, आवाज नीट येऊ दे. ते मी लिहायला नको होतं. पण मला कळलंय, आणि मला कळलंय हे तुझ्यापासून लपवणं मला बरोबर वाटत नाही.

अडचण एकच. बाबा आता उलट प्रश्न विचारतात. "तुहे गुडघे कसे हाय?" विचारून कान देऊन थांबतात. मी घाईघाईने हाताशी असेल ते वाक्य लावतो. काल गुडघ्याच्या प्रश्नावर आतून आलं, "पंखा बंद करा." बाबांनी दाराकडे पाहिलं. मग उठून पंखा बंद केला. जानेवारी आहे. पंखा चालू नव्हताच.

आल्हाद


२७ जानेवारी २०२५

ताई,

ये. बाकीचं पत्र नंतर वाच.

परवा दुपारी मी नेहमीसारखं "बसा ना जेवाले" लावलं. बाबांनी घास उचलला आणि खाली ठेवला. दाराजवळ गेले, कान लावला, आणि हळू आवाजात, जणू मला ऐकू जाऊ नये, म्हणाले, "निवे?"

मी काही लावलं नाही.

"निवे, तू हायस ना आत? तुले कोनं कोंडलं?"

मग माझ्याकडे वळून, "लेकीचा आवाज समजत नाई का मले? किती दिवसाचा ऐकून राह्यलो. मले वाटे मायलेकी संगंच असतीन. उघड बे दार. काऊन कोंडून ठेवलं तिले?"

म्हणजे ते आईच्या सांगण्यावरून जेवत नव्हते. किती दिवस त्यांना ठाऊक होतं, मी सांगू शकत नाही. आता ते काहीच घेत नाहीत. "निवे बाहेर आल्यावर." प्राचीने सलाईन लावलं होतं, ते त्यांनी ओढून काढलं. ती म्हणते, दवाखान्यात नेऊन हात बांधता येतील, नाहीतर तिला बोलवा. छातीही भरली आहे. फार वेळ नाही, हे तिचे शब्द, माझे नाहीत. मी पटकथेत असं वाक्य कधी लिहिलं नसतं.

मी व्हिडिओ कॉल लावून देऊ म्हणालो, तर म्हणाले, "चित्र नको दाखवू मले. मानूस दाखव."

म्हणून दार हलवलं. बशीरभाईंनी ते आता हॉल आणि स्वयंपाकघराच्या मधल्या मोकळ्या चौकटीत बसवलं आहे. पूर्वेची भिंत उघडी आहे. या वेळी दार बाबांच्या देखतच हललं. ते दाराबरोबर खुर्ची सरकवत गेले आणि त्याच्यासमोर बसले. भिंतीला त्यांनी पुन्हा हात लावला नाही. स्वयंपाकघराला जिन्याच्या बाजूने दुसरं दार आहे. तू तिकडून आत ये आणि या दारातून त्यांच्यापुढे ये. दारामागे आता खोली आहे, ताई.

तू नेसून यावीस म्हणून आईची चॉकलेटी साडी इस्त्री करून ठेवली होती. परत पेटीत ठेवली. ते निवेला बोलावतायत.

नांदुऱ्याच्या सतीश मामांकडून तुझी जुनी खाट आणवली. कोपऱ्यात मांडली आहे. बाबांनी तिच्यावर हात टेकला आणि आधीसारखेच वळसा घालून गेले.

पत्र पोचायच्या आत प्राची फोन करेलच. तरी लिहिलं.

आल्हाद


९ मार्च २०२५

ताई,

तू गेल्यापासून घर झाडलेलं नाही. आज झाडलं, आणि मग लिहायला बसलो. बाबांचं तेरावं होईपर्यंत आपण एका घरात होतो आणि जेमतेम कामापुरतं बोललो, तेव्हा काही गोष्टी अजूनही पत्रातच सांगाव्या लागतील.

तू त्या दारातून आलीस तेव्हा मी खिडकीपाशी होतो. मी काय पाहत होतो, ते सांगतो. तू सलवार-कमीजमध्ये होतीस, गाडीतल्या झोपेने केस एका बाजूने दबलेले, पांढरे. बाबा म्हणाले, "आली? बस," जशी तू दुपारची झोप काढून आलीस. आणि त्या क्षणी माझ्या डोक्यात आलं, उजेड डावीकडून आहे, चांगला आहे. हे मी थांबवू शकलो नाही.

मग ते उठले. तुला बाजूला करून दारातून आत गेले. ते तसं करतील, हे मला सुचलं नव्हतं. एवढे महिने दार उघडणारं नव्हतं, त्यामुळे त्यांना आत काय दिसेल याचा विचार मी केलाच नाही. सेटवर दारामागचं कुणी सजवत नाही. ओटा, गॅस, प्राचीचा कुकर. ते तिथे उभे राहिले. डबे पाहिले. ओट्यावरून हात फिरवला, तो कोरडा होता. परत येऊन तुझ्यासमोर बसले आणि म्हणाले, "निवे, तुही माय नाई न आत."

तू म्हणालीस, "नाई, बाबा."

"कधीची?"

"लय वर्सं झाली."

"मले कोनी सांगतलं नाई."

तू वरणभात कालवलास. ते तुझ्या हातून जेवले. शेवटपर्यंत तुझ्याच हातून जेवले, पण दाराकडे पुन्हा कधी पाहिलं नाही, आणि एकदाही हसले नाहीत. मी प्राचीला विचारलं, दार बंदच ठेवलं असतं तर आणखी जगले असते का? ती म्हणाली, छाती भरली होती दादा, दाराचा काय संबंध. मला ते उत्तर हवं होतं, म्हणूनच त्यावर विश्वास बसत नाही. तुला विचारायचं होतं. तू त्यांची चादर घडी करत होतीस, मग विचारलं नाही.

तू बॅग भरत होतीस तेव्हा विहंगचा फोन आला. माझे सगळे सिनेमे त्यानेच दिग्दर्शित केले, त्याला बातमी कुणीतरी सांगितली होती. तो काय म्हणाला ते तू ऐकलंस, कारण त्याचा आवाज मोठा आहे. "आल्हाद, यात सिनेमा आहे रे! लिही, आणि सेटही तूच कर." तू बॅगची चेन ओढलीस आणि माझ्याकडे न बघता म्हणालीस, "लिहिशीलच तू. लिहायचं तर आधी माझी खाट मांड."

एवढंच. मग बशीरभाईंनी आणलेल्या गाडीत बसून शेगाव स्टेशनला गेलीस. "भाऊ, तुमी मांगं बसा न, जागा हाय," ते म्हणाले, पण तू काही म्हणाली नाहीस, म्हणून मी बसलो नाही.

काल मी कागद घेतला. घेणार नाही असं म्हटलं असतं तर खोटं झालं असतं. नेहमीच्या पद्धतीने आधी खोली आखली. या वेळी पहिली रेघ तुझ्या खाटेची. मग आईचा पलंग, बाबांची खुर्ची, रेडिओ, दार. सगळं जिथल्या तिथे, आराखड्यावरून नाही, घरावरून. मग कॅमेरा कुठे ठेवायचा ते पाहू लागलो. खिडकीत ठेवला तर खाट आड येते. दारात ठेवला तर बाबांना आत जाता येत नाही. भिंत पाडून बघता येतं, सेटवर आम्ही तेच करतो, पण भिंतीचं नाव या घरात मी आता काढणार नाही. दुपारभर बसलो. त्या खोलीत सगळी माणसं बसली की बघणाऱ्याला उभं राहायला जागा उरत नाही.

विहंगला नाही म्हणून कळवलं. तो म्हणाला, खाट जरा सरकव ना, काय एवढं.

ती कोपऱ्यातच आहे. तुझी शाल तिच्यावर राहिली आहे. घडी मोडलेली नाही. येता-जाता मी वळसा घालून जातो.

आल्हाद